तुझ्या आईला पाठवलेले सामने

चिलेशे,

परवा तुझी शवपेटी फ्रँकफर्टहून विमानात चढली. आपली कोच उटा तिथपर्यंत सोबत गेली होती. मी गेले नाही. इन्स्टिट्यूटमध्ये मीटिंग आहे असं तिला सांगितलं आणि दिवसभर होस्टेलच्या खोलीत खिडकीकडे पाठ करून बसून राहिले. म्हणजे तू गेल्यावरही माझं खोटं बोलणं सुटलेलं नाही, हे आधीच सांगून टाकते.

आज शुक्रवार. रविवारी तुमच्या गावी, किट्वेला, चर्चमध्ये, तुझा शेवटचा सामना सगळ्यांसमोर वाचला जाणार आहे आणि तो मी लिहून पाठवायचा आहे. तुझ्या मावसभावाचा, ब्वाल्याचा, ईमेल सकाळीच आला. ‘मावशी म्हणते, जर्मनीतल्या मैत्रिणीला सांग, नेहमीसारखं लिही. पाऊस किती होता, मैदान कसं होतं, चिलेशेने कुणाला अडवलं, सगळं. खूप लोक येणार आहेत. रेडिओवाले पण येणार.’

त्या माउलीला हे माहीत नाही की ऑक्टोबरपासून तू फुटबॉलचा एकही सामना खेळलेली नाहीस. आता एप्रिल आहे. सहा महिने तिच्याकडे दर सोमवारी जे सामने पोचत होते ते इथे, आखनमध्ये, माझ्या टेबलावर खेळले जात होते.

म्हणून हे मराठीत लिहिते आहे. तुला मराठीतले तीनच शब्द यायचे, ‘सोड’, ‘मागे’ आणि ‘माझा’, तेही मी गोलमधून ओरडायचे म्हणून. पण इंग्रजीत मला खोटं फार सफाईने लिहिता येतं, हे आता सिद्ध झालं आहे. मराठीत माझी मजल ‘थोडी सर्दी झालीय गं आई’ याच्यापुढे जात नाही.

आपण भेटलो ते परदेशी लोकांच्या कचेरीच्या रांगेत. सकाळचे सात, हातात नंबरची चिठ्ठी, आणि सगळ्यांचे चेहरे परीक्षेला बसल्यासारखे. विश्वचषकाचा उन्हाळा नुकताच सरला होता, बाल्कन्यांमधून झेंडे अजून लोंबत होते. तू एक फॉर्म उलटासुलटा करून बघत होतीस. मी पुण्याची, मला कुणाच्याही फॉर्ममध्ये नाक खुपसल्याशिवाय राहवत नाही. मी तो तुला भरून दिला. तू आभार मानले नाहीस. माझा हात उलटा करून पाहिलास, तळव्याला तळवा लावलास आणि म्हणालीस, “केवढे हात आहेत तुझे. गोलकीपर आहेस का?”

मी म्हटलं, शाळेत थ्रोबॉल खेळायचे.

“चालेल. आमची कीपर गरोदर आहे.”

एवढ्यावर माझी निवड झाली. पुढच्या मंगळवारी बसने अर्धा तास लांब असलेल्या त्या खेड्यातल्या क्लबात तू मला घेऊन गेलीस. बेकरीत काम करणाऱ्या दोघी, एक शाळामास्तरीण, बाकी विद्यार्थिनी, आणि शिट्टी गळ्यात अडकवलेली उटा. मैदानात गवताचं पातं नाही, सगळी लाल भुकटी. पडलं की गुडघा किसला जायचा आणि आठवडाभर आंघोळीचं पाणी तांबडं निघायचं. मी पहिल्याच दिवशी तीनदा पडले आणि घरी येऊन रडले. तू माझ्या गुडघ्यातली खडी चिमट्याने काढलीस. तुला सवय होती, वृद्धाश्रमात शिकाऊ परिचारिका होतीस, दिवसभर जर्मन आज्यांच्या जखमा धुवायचीस. त्या आज्या तुला ‘शिलेशे’ म्हणायच्या आणि तू जराही न वैतागता ओ द्यायचीस.

तुझा खेळ मला पहिले कित्येक महिने दिसलाच नाही, हे तुला कधी सांगितलं नाही. लाज वाटायची. मला वाटायचं, ही बाई काही करतच नाही. चार नंबरचा शर्ट घालून माझ्यापुढे दहा पावलांवर उभी राहते, दोन पावलं इकडे, दोन पावलं तिकडे. समोरची पोरगी चेंडू घेऊन सुसाट यायची आणि कोपऱ्यातल्या झेंड्यापाशी जाऊन अडकायची. तिला कळायचं नाही आपण तिकडे का गेलो. मलाही कळायचं नाही. मग एकदा तू आजारी होतीस आणि आम्ही नऊ गोल खाल्ले. तेव्हा कळलं.

घसरून चेंडू काढणाऱ्या बचावपटू तुला आवडायच्या नाहीत. लोक टाळ्या वाजवायचे, तू नाक मुरडायचीस. “घसरावं लागलं म्हणजे ती आधीच चुकलेली असते,” म्हणायचीस. तुझे कपडे सामन्यानंतर धुतल्यासारखे स्वच्छ असायचे.

तुझी सगळी कहाणी मला बसमध्ये, अर्ध्या अर्ध्या तासाच्या हप्त्यांनी कळली. खाणीजवळचं ते मैदान, अनवाणी पाय, भावांच्या संघात एक जण कमी पडला म्हणून तुला मागे उभं केलं आणि मग पुढे कुणी बोलावलंच नाही. बाजारात टोमॅटो विकणारी तुझी आई. ‘मुलगी पोरांसारखी धावते’ म्हणून तुझे काका दारात येऊन बोलायचे तेव्हा हातातलं काम न थांबवता ती म्हणायची, “धावू दे, तुमच्या अंगणातून तर धावत नाही ना?” तिथल्या क्लबात तू आणि एक मैत्रीण मिळून बुटांचा एकच जोड होता, पहिला अर्धा वेळ तुझ्या पायात, दुसरा तिच्या. मग देशाच्या संघात निवड. दोन दिवस बसने प्रवास करून परक्या देशात एक सामना खेळून, आणखी दोन दिवस परत. वर्षात असे दोन, कधी तीन सामने. कधी एकही नाही, कारण बायकांच्या संघासाठी बस मिळाली नाही. आणि मग चर्चने सेवेच्या कामासाठी जर्मनीला पाठवलं, तेव्हा तू फक्त एकच गोष्ट विचारलीस, तिथे बायका फुटबॉल खेळतात का?

तुला इथे खूप काही नको होतं. कोलोनजवळच्या एका मोठ्या क्लबने चाचणीला बोलावलं होतं, तिथल्या बाईने ‘वसंतात पुन्हा ये’ असं सांगितलं होतं. ते ‘वसंतात’ तू असं सांभाळून ठेवलं होतंस की मी थट्टाही करायची नाही. आणि तुझ्या देशाचा संघ. “पुन्हा एकदा बोलावलं ना, की बस. एकदाच,” तू म्हणायचीस.

सोमवारचा वृत्तांत तेव्हा खराच असायचा. तुझ्या आईला फोनवर एवढंच कळायचं की जिंकलो किंवा हरलो. तिला ते पुरायचं नाही. म्हणून एकदा मी सगळा सामना लिहून ब्वाल्याच्या कंप्युटरच्या दुकानात ईमेल केला. त्याने तो छापला आणि बाजारात जाऊन तिला वाचून दाखवला. आजूबाजूच्या भाजीवाल्या पण ऐकायला बसल्या म्हणे. त्यानंतर दर सोमवारी. इन्स्टिट्यूटमध्ये प्रोफेसर येण्याआधी मी तेच लिहीत बसायचे. माझ्या प्रबंधाचं घोडं पेंड खात होतं, पण तुझ्या सामन्यांत एकाही आठवड्याचा खंड नाही.

मग गेल्या ऑक्टोबरात तो गुडघा. कुणाचा धक्का नाही, काही नाही. तू वळलीस, पाय भुकटीतल्या खड्ड्यात राहिला आणि बाकीची तू वळलीस. ‘कट्’ असा आवाज मला गोलमध्ये ऐकू आला. मी पळत आले तर म्हणालीस, “माघारी जा, कॉर्नर आहे.” वीस मिनिटं त्याच पायावर खेळलीस. डॉक्टरांनी तपासून सांगितलं, आतली गादी फाटली आहे, ऑपरेशन करावं लागेल. तू म्हणालीस, हिवाळ्यात सामने कमीच असतात, आपोआप बरा होईल. ‘हो, हो’ करत डॉक्टरांना गप्प केलंस. मी तुझ्याशेजारी बसून भाषांतर करत होते. मी काय केलं? तुझ्या म्हणण्याला ‘गेनाऊ’, म्हणजे ‘अगदी बरोबर’, जोडून दिलं.

त्या रविवारी घरी फोन करायचा होता. तू रिसीव्हर हातात धरून बसली होतीस. “काय सांगू? खेळत नाही म्हटलं तर काका म्हणतील, बोलवा परत, लग्न करा. आणि आई जेवणार नाही.”

आणि मी म्हटलं, “मग सांगू नकोस.”

हे वाक्य माझं आहे, चिलेशे. तुझं नाही. तू तर लगेच म्हणालीस, “आईशी खोटं?” आणि मी तुला समजावलं. आमच्याकडे असंच करतात, म्हटलं. लांब असलेल्या माणसाला वाईट बातमी देत नाहीत. तो बिचारा काही करू शकत नाही, नुसता जीव टांगणीला लागतो. माझ्या बाबांची बायपास झाली तेव्हा मला तीन आठवड्यांनी सांगितलं, माझी परीक्षा होती म्हणून. माझं मनगट मोडलं तेव्हा मी घरी पत्ता लागू दिला नाही, प्लास्टर असताना वेबकॅम बिघडलाय म्हणाले. याला खोटं म्हणत नाहीत, याला काळजी घेणं म्हणतात. मी किती विश्वासाने बोलले असेन! तू म्हणालीस, “तुमच्याकडे सगळे लोक असे एकमेकांपासून लपून राहतात?”

मी हसले. मला ते चेष्टेतलं वाटलं.

पहिला खोटा सामना लिहिला तेव्हा माझा हात थरथरत होता, असं म्हणायला मला आवडलं असतं. नाही थरथरला. मजा आली. पाऊस घातला, समोर एक लाल केसांची उंच फॉरवर्ड घातली, तिला तू कशी बाहेर बाहेर ढकलत नेलीस ते घातलं. निकाल शून्य-शून्य. तुला वाचून दाखवलं तर तू डोळे मिटून ऐकलंस आणि म्हणालीस, “डाव्या पायावर नेली असेन मी तिला. उंच बायकांचा डावा पाय कच्चा असतो. ते दुरुस्त कर.” मी दुरुस्त केलं. त्या दिवशी तू मक्याच्या पिठाची न्शिमा केली होतीस, घट्ट गोळा, आमच्या उकडीची थोरली बहीण, आणि दाण्याच्या कुटातली भाजी. आपण बोटांनी खाल्लं आणि तुझ्या पुढच्या रविवारचा सामना ठरवला. गुडघ्याखाली उशी होती. सहा महिन्यांतला आपला सगळ्यात सुखाचा वेळ हाच होता, हे कबूल करताना मला स्वतःची चीड येते, पण होता.

मग मी तो गोल केला.

फेब्रुवारी असेल. मला शून्य-शून्यचा कंटाळा आला होता. लेखिकेला शिंगं फुटली होती, दुसरं काय. कॉर्नरवर तुला पुढे पाठवलं, उडी मारायला लावली आणि डोक्याने चेंडू जाळ्यात. शेवटच्या मिनिटाला. तुला न विचारता पाठवून दिला.

तुझ्या हातात तो कागद पडला तेव्हा तुझा चेहरा पडला. मला वाटलं होतं हसशील.

“हे काय आहे?”

“गोल आहे.”

“मी बचावपटू आहे. आठ वर्षांत मी एकही गोल केलेला नाही. एकही नाही. मी जे करते ते म्हणजे जे होत नाही ते. तू मला माझ्या कामातून काढून टाकलंस.”

मी म्हटलं, अगं, आईला आनंद होईल. तुझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. “माझ्या आईला गोल नको असतो. तिला मी हवी असते.” आणि छत्री कुबडीसारखी टेकत निघून गेलीस. दोन आठवडे आपण बोललो नाही. सोमवारचा सामना मी तरीही पाठवत होते, तुला न दाखवता. त्यात तू आणखी बरी खेळत होतीस.

त्या गोलाचं पुढे काय झालं ते मी किती वेळा उलगडून पाहिलंय. ब्वाल्याने तो कागद बाजारात वाचला. भाजीवालीच्या जावयाने रेडिओवर कुणाला तरी सांगितलं. रेडिओवर म्हणाले, आपली मुलगी जर्मनीत डोक्याने गोल करते आहे. आणि मार्चमध्ये तुला पत्र आलं. देशाच्या संघाचं शिबिर, मे महिन्यात. कॉर्नरवर उंच उडी मारणारी बचावपटू त्यांना हवी होती.

तू ते पत्र घेऊन माझ्या लॅबमध्ये आलीस. लंगडत. दोन आठवड्यांचा अबोला तू दारातच टाकून आलीस. “बघ,” म्हणालीस आणि पत्र माझ्यापुढे धरलंस. मला वाटलं भांडशील, पण तू मला घट्ट मिठी मारलीस, माझ्या गॉगल-कोटासकट. “एकदाच,” म्हणालीस, “एकदाच म्हटलं होतं ना मी.”

त्या क्षणी मी सांगायला हवं होतं की परत लिहून कळव, गुडघा मोडलाय. तूही बोलली नाहीस. आपण दोघींनी कॅलेंडर काढलं. डॉक्टर म्हणाले, फाटलेला तुकडा काढू, नीट वागलीस तर सहा आठवड्यांनी हलकं पळता येईल. ‘नीट वागलीस तर’ हे मी भाषांतरात जरा हळू आवाजात म्हटलं.

ऑपरेशन चांगलं झालं. त्यांची काही चूक नाही, हे मला स्पष्ट लिहायचं आहे. त्यांनी पोटावर टोचून घ्यायची इंजेक्शनं दिली, रक्ताची गुठळी होऊ नये म्हणून, आणि कुबड्या दिल्या, आणि पाय सुजला तर त्याच दिवशी या असं दोनदा बजावलं. ते तुला सांगायची गरज नव्हती. तू रोज वृद्धाश्रमात म्हाताऱ्यांच्या पिंढऱ्या दाबून बघायचीस.

गुरुवारी तू मला पाय दाखवलास. ऑपरेशन होऊन आठ दिवस झाले होते. पिंढरी ताठ झाली होती, दुसरीपेक्षा जाड, हात लावला तर गरम. तुझी इंजेक्शनं संपली होती आणि नवी आणायला डॉक्टरांकडे जावं लागणार होतं, म्हणजे पाय दाखवावा लागणार होता.

“जास्त व्यायाम केला म्हणून आहे,” तू म्हणालीस.

“डॉक्टरांना दाखवू या.”

“दाखवलं तर ते झोपवून ठेवतील. मग मे गेला.”

मी गप्प बसले. तुला खरं वाटणार नाही, पण मी ते वाचलं होतं, लॅबमध्ये बसून, इंटरनेटवर, पिंढरी सुजली तर काय असू शकतं, गुठळी सुटून छातीत गेली तर काय होतं. सगळं वाचलं होतं. तू आणि मी, दोघी शिकलेल्या, दोघींना माहीत, आणि दोघी एकमेकींकडे बघून ‘जास्त व्यायाम’ म्हणत होतो. तू का गप्प बसलीस ते मला समजतं. मी का गप्प बसले ते तुला सांगते. तू शिबिराला गेलीस, खेळलीस, तर माझे सगळे खोटे सामने एका दिवसात खरे होणार होते. मला सुटायचं होतं. तुझ्या पायावर उभं राहून मला सुटायचं होतं, चिलेशे.

रविवारी सकाळी आपण जिना केला. तुझीच कल्पना. पळता येत नाही तर चार मजले चढून उतरायचं. मी खाली उभी राहून हातातल्या घड्याळावर वेळ मोजत होते. पहिली फेरी. दुसरी फेरी, आठ सेकंद कमी. मी वर तोंड करून ‘सुपर!’ ओरडले. तिसऱ्या फेरीला तुझ्या पावलांचा आवाज तिसऱ्या मजल्यावर थांबला. मला वाटलं दम खातेयस. मी घड्याळ चालूच ठेवलं. मी वर आले तेव्हा तू पायरीवर बसली होतीस, एक हात छातीवर, आणि तुझ्या चेहऱ्यावर भीती नव्हती, नुसतं आश्चर्य होतं. “हवा येत नाही,” म्हणालीस. मग ओठ करडे पडले. अॅम्ब्युलन्स नऊ मिनिटांत आली. मला नेमकं माहीत आहे कारण माझ्या हातातलं ते भिकारडं घड्याळ अजून चालू होतं.

त्यानंतरचे दिवस मला कागदपत्रांत आठवतात. मी तुझे फॉर्म भरले. पहिल्या दिवशी भरला तसेच, तीच अक्षरं, नाव, जन्मगाव, धर्म. आश्रमातल्या दोन आज्या चाकाच्या खुर्चीत बसून इथल्या चर्चमध्ये तुला निरोप द्यायला आल्या होत्या. उटाने तुझं खेळाडू म्हणून असलेलं ओळखपत्र आणलं, ते नियमाप्रमाणे संघटनेला परत करावं लागतं. ती म्हणाली, “बरं तर, मी ते हरवलं असं कळवते,” आणि तुझ्या शर्टाच्या घडीत सरकवून दिलं. म्हणजे तुझ्या पेटीत निदान एक खरी गोष्ट गेली आहे.

तुझ्या आईला बातमी ब्वाल्याने दिली. मी त्याला फक्त ‘अचानक, श्वासाचा त्रास’ एवढं सांगितलं. पाय सांगितला नाही. पाय सांगितला तर गुडघा सांगावा लागतो, गुडघा सांगितला तर ऑक्टोबर सांगावा लागतो. आणि आता तो ईमेल. नेहमीसारखं लिही.

सकाळपासून तीनदा लिहायला बसले. येतं, हेच भयानक आहे. पहिली दोन वाक्यं आपोआप येतात. ओलं मैदान, सकाळचं धुकं, तू वॉर्मअपला सगळ्यात शेवटी. मला माहीत आहे की हा कागद सगळ्यात चांगला होईल. लोक रडतील. तुझे काका मान खाली घालतील. आई पुन्हा पुन्हा वाचायला लावेल, मरेपर्यंत. आणि जिथे तू खरोखर होतीस, त्या खोलीतली ती उशी, ती छत्री, ते डोळे मिटून ऐकणं, तुझं ते चिडणं, ते कुणालाच कधी कळणार नाही. मी तुला दुसऱ्यांदा तुझ्या कामातून काढून टाकेन.

इथवर लिहिलं आणि दुपारी फोन लावला.

ब्वाल्याने उचलला. मागे बायका गात होत्या, तुमच्या घरी सगळे जमलेले होते. मी म्हटलं, बाना चिलेशेला दे. चिलेशेची आई, तिला तिथे सगळे याच नावाने हाक मारतात, तू असताना आणि आता नसतानाही. ती फोनवर आली. तिचं इंग्रजी तोडकं. सोपे सोपे शब्द निवडून म्हटलं, “आई, ती ऑक्टोबरपासून खेळली नाही. मी लिहिलं ते सगळं मी रचलं होतं.”

मागचं गाणं चालूच होतं.

“ऑक्टोबरपासून,” ती म्हणाली.

“हो.”

“गोल?”

“नाही झाला.”

मग मी थांबलेच नाही. गुडघा, ऑपरेशन, पिंढरी, संपलेली इंजेक्शनं, जिना, माझ्या हातातलं घड्याळ, सगळं. बहुधा अर्धं तिला समजलं नसेल, कारण नंतर तिने फोन ब्वाल्याकडे दिला आणि दोघं बराच वेळ तुमच्या भाषेत बोलत राहिले. बायकांचं गाणं थांबलं. कुणीतरी त्यांना थांबवलं असेल.

ब्वाल्या म्हणाला, “मावशी विचारते, सुजलेला पाय तिने तुला कधी दाखवला?”

“गुरुवारी.”

“आणि ती गेली कधी?”

“रविवारी.”

त्याने तिला ते सांगितलं. मग मला म्हणाला, “मावशी म्हणते, आता काही लिहू नकोस. काही पाठवू नकोस.” त्याचा आवाज रागावलेला नव्हता. रागावला असता तर मला बरं वाटलं असतं.

मी फोन ठेवणार होते, तेवढ्यात तिने तो परत घेतला. तिला हे स्वतःच्या तोंडाने सांगायचं होतं. एकेक शब्द शोधून, सावकाश म्हणाली, “तीन दिवस होते. गुरुवारी तू मला फोन केला असतास, तर मी तिला म्हटलं असतं, बस खाली. माझी मुलगी माझं ऐकते.”

आणि फोन बंद झाला.

मी म्हटलं होतं ना तुला, लांबची माणसं बिचारी काही करू शकत नाहीत. तू डॉक्टरांचं ऐकलं नाहीस, आणि मी तर दुसऱ्यांदा तोंडच उघडलं नाही. पण अंगात ताप असताना आई ‘नको’ म्हणाली म्हणून तू देशाच्या संघाचा सराव सोडून घरी झोपून राहिली होतीस, हे तूच मला बसमध्ये सांगितलं होतंस, आणि वर म्हणाली होतीस, तिच्यापुढे कुणाचं चालतं? सबंध जगात एकच बाई तुला थांबवू शकत होती, आणि तिला मी दर सोमवारी कळवत होते की तू उत्तम खेळते आहेस.

तू बसली असतीस, चिलेशे. तिने म्हटलं असतं तर तू बसली असतीस.